आत्याबाई जाऊन राहिल्या

रेडिओवरच्या मालिकेत मी चार वर्षं धाकटी सून होते. खऱ्या आयुष्यात मी कुणाचीच सून नव्हते; तिरोड्याच्या शाळेत शिकवत होते आणि एका खोलीत एकटी राहत होते. पण बाजारात बायका मला अडवायच्या आणि विचारायच्या, जाऊ बोलून राहिली का वं आता तुझ्यासंग? सुरुवातीला मी समजावून सांगायची, की हे सगळं कागदावर लिहिलेलं असतं, जाऊ कोणी नाही, सासू कोणी नाही, आम्ही मायक्रोफोनसमोर उभं राहून वाचतो. त्या शेवटपर्यंत ऐकून घ्यायच्या आणि निघताना म्हणायच्या, तरी पन तूच पहिले बोल. पुढे मी समजावणं सोडून दिलं. होय म्हणायचं, वांगी घ्यायची, खोलीवर यायचं.

आमचं घर तिरोड्यापासून दोन कोसांवर, धानाच्या शेतीचं. पूर्वज कधीतरी माळव्यातून आले म्हणतात. घरात पोवारी, शाळेत मराठी, गोंदियाच्या बाजारात हिंदी, अशी मी वाढले. स्वातंत्र्य आलं तेव्हा सातवीत होते. मग मॅट्रिक झाले, आणि नागपूरला वसतिगृहात राहून बी.ए. झाले. आमच्या घरात त्याआधी कोणी कॉलेजची पायरी पाहिली नव्हती, ना बाईने, ना पुरुषाने. हे सांगताना माणसं मान खाली घालून नम्रपणा दाखवतात. मी दाखवणार नाही. रोवणीच्या दिवसांत गुडघाभर चिखलात उभी राहून मी इतिहासाच्या सनावळ्या पाठ केल्या आहेत. पदवी मला कोणी ताटात वाढून दिली नाही.

रेडिओचं काम मात्र पदवीमुळे मिळालं नाही, बोलीमुळे मिळालं. राज्याच्या सीमा बदलल्या, आमचा भाग मुंबई राज्यात गेला, आणि नागपूरला केंद्रावर पुण्याकडचे एक साहेब आले. गावकऱ्यांसाठी दर रविवारी संध्याकाळी पाव तासाची मालिका करायचं त्यांनी ठरवलं. एक शेतकरी कुटुंब, त्यातली भांडणं, मधूनमधून बियाणं, खत आणि देवीची लस. त्यांना झाडीकडचा, म्हणजे आमच्या भंडारा-गोंदियाकडचा, खरा आवाज हवा होता. कोणीतरी माझं नाव सांगितलं, मी आवाजाची परीक्षा देऊन आले, आणि धाकटी सून झाले.

लेखक नागपुरातलेच, निवृत्त शिक्षक, पण मूळचे तिकडचे, सातारा-पुण्याकडचे. त्यांच्या मनातलं खेडं नाटकातलं होतं. पहिल्याच रविवारी मला वाक्य आलं, ‘व्हय जी, आले न्हवं का.’ मी साहेबांना म्हटलं, आमच्याकडे ‘व्हय’ म्हणणारा माणूस दिसला तर लोक विचारतील, पाहुणा कुठला. साहेब हसले. म्हणाले, मग तुम्ही तुमच्यासारखं करून घ्या, अर्थ बदलू नका म्हणजे झालं.

तिथून ते सुरू झालं. पहिल्यांदा मी माझी वाक्यं पेन्सिलीने बदलली. मग सासूची. मग दिराची, कारण सासू एका बोलीत आणि तिचा मुलगा दुसऱ्या बोलीत कसा बोलेल? वर्षभरात अशी वेळ आली की लेखकांचा शाईतला मजकूर खाली आणि माझा पेन्सिलीतला वर, आणि सगळे वरचं वाचायचे. भागाच्या शेवटी निवेदक लेखकाचं नाव सांगायचा. ते नाव ऐकताना मी दर रविवारी दात आवळून उभी असायची. मला माझं नाव हवं होतं. ते मी तेव्हा कोणाला बोलून दाखवलं नाही, आज लिहिते.

सासूचं काम करणारी बाई गोंदियाची. तरुणपणी ती मंडईच्या, म्हणजे दिवाळीनंतरच्या गावजत्रेच्या, नाटकांतून कामं करायची, ज्या काळात बायकांची कामंसुद्धा बहुतेक पुरुषच लुगडं नेसून करत. त्यामुळे गोंदियात तिला ओळखत सगळे होते आणि घरात कोणी घेत नव्हतं. मी तिला मावशी म्हणायची. ती मला बीए म्हणायची. “का वं बीए, आज तोंड काऊन उतरलं?” असं तिचं स्वागत असायचं. रविवारी सकाळी ती गोंदियाला पॅसेंजरमध्ये बसायची आणि खिडकीजवळची जागा धरायची. तिरोड्याला मी चढायची. दुपारी तालीम, संध्याकाळी थेट प्रसारण, रात्र स्टेशनवरच्या बायकांच्या वेटिंग रूममध्ये, आणि सोमवारी सकाळच्या गाडीने परत. साडेदहाला मी वर्गात हजेरी घ्यायची. त्या चार वर्षांतला एकही सोमवार मला नीट आठवत नाही.

मावशीला वाचता येत नव्हतं.

हे केंद्रावर कोणालाही माहीत नव्हतं. मला पहिल्याच महिन्यात कळलं, कारण पोस्टाने आलेलं संवादांचं पाकीट ती न फोडता गाडीत घेऊन यायची आणि चष्मा विसरला म्हणायची. चौथ्या वेळी मी म्हटलं, मावशी, तुम्हाला चष्माच नाही. ती म्हणाली, “ठाव आहे तर वाच ना मंग, कायले टाइम घालवतं?” मी वाचायची. दोन वाचनांत तिला तिचं सगळं पाठ व्हायचं, आणि भंडारा रोड येईपर्यंत माझंही. स्टुडिओत मात्र ती आमच्यासारखीच हातात कागद धरून उभी राहायची. मायक्रोफोनजवळ कागद वाजला की साहेब चिडायचे, आणि आम्हा सगळ्यांना सांगायचे, बाईंकडे बघा, त्यांचा कागद कधी वाजत नाही. मावशी गंभीर चेहऱ्याने मान हलवायची. परतताना गाडीत हसून हसून तिला ठसका लागायचा. पान पलटवलंच नाही तर वाजंल कायले, म्हणायची.

मालिका सुरू होऊन वर्ष होत नाही तो गोंदियात तिची वागणूक बदलली. म्हणजे लोकांची, तिच्याशी. ज्या ओट्यावर तिला कोणी बस म्हटलं नव्हतं त्या ओट्यावरून बायका तिला आत्याबाई म्हणून हाक मारू लागल्या. मालिकेतली सून सासूला आत्याबाई म्हणायची, म्हणून. एका घरची नवी सून तिच्या पाया पडली. हे मावशीने मला गाडीत चार वेळा सांगितलं, आणि चारही वेळा शेवटी म्हणाली, नाटकच ते, आपल्याले काय. पण रविवारचं लुगडं ती आदल्या दिवशी धुवून, घडी घालून गादीखाली दाबून ठेवायची.

तिसऱ्या वर्षी लेखकांनी सासूला मारायचं ठरवलं. त्यामागे साहेब होते. तालमीत साहेब ऐनवेळी एखादं वाक्य खोडून दुसरं लिहून द्यायचे, आणि मावशी गाडीत पाठ केलेलंच बोलायची. वेळ मिळाला तर मी तिच्या कानाशी नवं वाक्य सांगायची. नाही मिळाला तर नाही. साहेबांना वाटलं, जुनी नटी आहे, तिला मस्ती आहे.

त्या आठवड्यात माझं पाकीट आलं नव्हतं; रविवारी मी तिरोड्याला चढले, मावशीचं फोडलं आणि वाचायला लागले. पहिल्या पानावर सासू अंथरुणावर होती. तिची तीन वाक्यं होती. मग थोरला मुलगा, मग जाऊ, मग मी. मी पुढची पानं चाळली आणि थांबले.

“वाच ना पुढं.”

“पुढं तुमचं काही नाही, मावशी.”

“नाही म्हंजे?”

ती खिडकीबाहेर बघत राहिली. मग तिने विचारलं, “मेली का मी?”

मी हो म्हटलं. कोण सांगते, तिने विचारलं. मीच सांगते, म्हटलं. भाऊजी दारात येतात आणि मी सांगते, आत्याबाई गेल्या. ती म्हणाली, नाटकात मेलं तर पडदा पडल्यावर उठता येते, लोकं पाहतात उठलेलं. या रेडिओवर मेलं तर उठलेलं कोनाले दिसत नाही. आणि भंडारा रोड गेल्यावर एवढंच, “सावकास सांग मंग. घाई करू नको.”

प्रसारणात ते वाक्य आलं तेव्हा माझ्या कागदावर ‘आत्याबाई गेल्या’ असंच होतं. मी म्हटलं, “आत्याबाई जाऊन राहिल्या जी.”

हे मी मुद्दाम केलं का, असं मला नंतर पुष्कळांनी विचारलं. साहेबांना मी सांगितलं, थकवा होता, सवयीने बोली तोंडात आली. मावशीला सांगितलं, मुद्दाम केलं. दोन्ही वेळा मी छातीठोक सांगितलं. खरं काय ते मलाच ठाऊक नाही. आठवड्याचे सहा दिवस शाळा आणि सातव्या दिवशी हे. माझ्या तोंडून काहीही निघालं असतं. एवढं मात्र खरं, की निघाल्याबरोबर मला कळलं होतं, आणि मी ते दुरुस्त केलं नाही.

साहेबांना काहीच खटकलं नाही. उलट त्यांनी पाठ थोपटली. जाऊन राहिल्या, म्हणजे गेल्या त्या कायमच्याच, वा, काय बोली आहे तुमची, म्हणाले. पुढच्या रविवारच्या भागात तेरवी होती. मावशी आली नव्हती. आम्ही तिची तेरवी केली, आणि जाऊबाईने रडून दाखवलं.

त्यानंतरच्या आठवड्यात पोस्टकार्डं आली. केंद्रावर एरवी पाच-सात यायची. ही टेबलावर मावेनात. साहेबांनी मला खोलीत बोलावलं आणि एकेक वाचायला लागले, त्यांच्या त्या स्वच्छ पुणेरी उच्चारात. आमगावकडच्या एकाने लिहिलं होतं, बुढी जाऊन राहिली होती तर वैद्य काऊन नाही आणला? एका बाईने कोणाकडून तरी लिहवून घेतलं होतं, की जिवंत बाईची तेरवी करणारं घर आम्ही पाहिलं नाही, त्या थोरल्या सुनेचंच हे काम. तिसऱ्याने साधं विचारलं होतं, आत्याबाई जाऊन राहिल्या होत्या, पण कुठं? माहेराले का लेकीकडे?

“हे काय आहे?” साहेब म्हणाले. “राहिल्या म्हणजे राहिल्याच ना?”

मी म्हटलं, साहेब, आमच्याकडे ‘जेवून राहिलो’ म्हणजे जेवण चालू आहे. अजून हात धुतलेले नाहीत.

त्यांनी कार्डं खाली ठेवली. “म्हणजे बाई...”

“वाटेत आहे, साहेब.”

लेखकांनी चिठ्ठी पाठवली, की ज्या श्रोत्यांना मेलेलं आणि जिवंत यांतला फरक कळत नाही त्यांच्यासाठी लिहिणं त्यांना यापुढे जमणार नाही. साहेबांनी चिठ्ठी दोनदा वाचली, घडी केली, आणि मला विचारलं, तुम्ही लिहाल का? मी विचारलं, नाव वाचणार का? ते म्हणाले, वाचू. मी हो म्हटलं. मावशीचा विचार मी तेव्हा केला नव्हता. तो जिना उतरताना केला. हेही लिहून ठेवायला हवं.

माझ्या पहिल्या भागात मी तिला परत आणलं. आजारी सासूला लेक बैलगाडीत घालून सालेकशाला वैद्याकडे घेऊन गेली होती, आणि इकडे निरोप चुकीचा पोचला. एवढ्यात मी तेरवी निकालात काढली. मावशी दारात येते आणि म्हणते, मी लेकीकडं जाऊन राहिली होती, अन् तुम्ही माझी तेरवी जेवले? मले बुंदी तरी ठेवली का? हे वाक्य बोलताना तिने शेवटी असा एक श्वास घेतला की स्टुडिओत निवेदकसुद्धा तोंडावर हात धरून वळला. आमच्या गावी पंचायतीच्या रेडिओवर माझं नाव लेखिका म्हणून आलं तेव्हा बाबा तिथं बसले होते. त्यांनी रेडिओ लावणाऱ्याला सांगितलं, अजून एकदा लाव. तसं होत नाही म्हटल्यावर ते त्याच्याशी भांडले.

यानंतरचे दोन-अडीच महिने बरे गेले. संवाद मीच लिहायची आणि मीच गाडीत वाचून दाखवायची. मावशीच्या तोंडी बसतील अशीच वाक्यं लिहायची. साहेबांना ऐनवेळी बदलायला जागा सापडणार नाही इतकं आवळून लिहायची. मला वाटलं, झालं, निभलं.

मग एका रविवारी प्रसारणाला मिनिटभर उरलं असताना साहेब कागद घेऊन आत आले. धानाची रोवणी ओळीत करण्याची नवी पद्धत होती, त्याची माहिती वरून आली होती आणि आजच सांगायची होती. शेवटी आत्याबाईंनी हे वाचावं, म्हणाले, घरातल्या मोठ्या बाईने सांगितलं की लोक ऐकतात. कागद मावशीच्या हातात देऊन ते काचेपलीकडे गेले आणि लाल दिवा लागला. मी तिच्या कानाशी जाऊ शकत नव्हते.

शेवट आला. मावशीने कागदाकडे पाहिलं. काचेपलीकडे साहेब हात हलवत होते. मग ती अगदी आरामात बोलली, जसं काही लिहिलंच होतं, “ओळीत रोवा म्हनते सरकार. आता हे मी अडाणी बाई काय सांगू? माझी धाकटी सून शिकली आहे. वाच वं बाई, ऐकू दे सगळ्याईले.” आणि कागद माझ्यापुढे धरला. मी वाचला. ऐकणाऱ्या कोणालाही काही कळलं नाही. इतकं नेटकं मी कधी लिहिलं नव्हतं.

साहेबांना कळलं. मावशी बाहेर बाकावर बसली असताना त्यांनी मला आत घेतलं. बाईंना वाचता येत नाही, ते म्हणाले. विचारलं नाही, सरळ सांगितलं. मग विचारलं, “तुम्हाला ठाऊक होतं?”

मी म्हटलं, “नाही, साहेब.”

ते वाईट माणूस नव्हते. म्हणाले, कागद वाचून बोलणं हेच इथलं काम आहे, उद्या वरच्यांना कळलं तर मी काय सांगू. आत्याबाईंचं संपवा. या वेळी नीट. मी म्हटलं, चार रविवार द्या. ते म्हणाले, एक. मी भांडण्यात कोणाला हार जात नाही. शाळेत माझ्या तोंडाला हेडमास्तर भीत असत. त्या दिवशी मी भांडले नाही. भांडताना तोच प्रश्न त्यांनी परत विचारला असता तर?

तो भाग मी चार दिवसांत लिहिला आणि शनिवारी शाळा सुटल्यावर गोंदियाला गेले. मावशीची खोली बाजारामागच्या गल्लीत होती. तिने मला चहा दिला आणि समोर बसली. मी वाचलं. मरणाऱ्या सासूला मी दीड पान दिलं होतं. सुनांना सांगणं, मुलांना सांगणं, सगळं. बी.ए.ला शिकलेलं जे जे होतं ते ओतलं होतं.

ती ऐकून म्हणाली, “एवढं कोनी बोलत नाही वं मरताना. दम कुठून आनंल बुढी?” मी पेन्सिल काढली. तिने एकेक वाक्य ऐकलं आणि हाताने बाजूला सारलं, धान पाखडताना कोंडा सारतात तसं. मोठ्या सुनेचं नको. मुलाचं नको. देवाचं तर नकोच. शेवटी तीन ओळी उरल्या. पाणी मागणं, गाय दोहली का विचारणं, आणि धाकटीला म्हणणं की दिवा जरा इकडं आण. ती म्हणाली, आता थांब, इथं मी थांबतो; पुढं तू रडू नको, साहेबाले आवडते म्हनून रडशील. मी ते रडणंही खोडलं.

रविवारी तिने ते केलं. हातात कागद होता. तो वाजला नाही. तिसऱ्या ओळीनंतर ती थांबली, आणि ती थांबली तेव्हा आम्ही सगळे थांबलो. साहेबांनी नंतर येऊन तिला वाकून नमस्कार केला. तिने त्यांना आशीर्वाद दिला, सासू देते तसा.

त्या आठवड्यात पुष्कळ कार्डं आली असं मला साहेबांनी सांगितलं. मी वाचली नाहीत.

सोमवारी सकाळी आम्ही दोघी परतीच्या गाडीत होतो. ती नेहमीसारखी खिडकीजवळ होती. पाकीट नव्हतं, वाचायला काही नव्हतं. तुमसर रोडपर्यंत ती डोळे मिटून बसली होती. झोपली असेल असं मला वाटलं. तिरोडा जवळ आलं तशी मी पिशवी उचलली. ती डोळे न उघडता म्हणाली,

“साहेबानं तुले विचारलं असंल. ठाव होतं का म्हनून.”

“विचारलं.”

“मंग? काय सांगितलं?”

“नाही म्हटलं.”

तिने डोळे उघडले आणि माझ्याकडे पाहिलं. गाडी थांबली होती, माणसं दारात चढत होती.

“बरं केलं,” ती म्हणाली. “नाही तर दोघी गेलो असतो. उतर आता, गाडी सुटंल.”

मी उतरले. मला तिला काही सांगायचं होतं, पण काय ते जुळेना. आणि खिडकीपाशी येईपर्यंत गाडी हलली. ती समोर बघत होती, माझ्याकडे नाही. गोंदियाला तिला कोणी आत्याबाई म्हणून हाक मारली असेल का, की आता ती मेली म्हणून नाही, हे मी कधीच विचारलं नाही. पुढच्या रविवारपासून मी खिडकीजवळ बसू लागले. मालिका त्यानंतर वर्षभर चालली, आणि प्रत्येक भागाच्या शेवटी माझं नाव वाचलं गेलं.